गार झाल्यावर मोज

पहाटे पाच

भोसरीत खोली भाड्यानं घेणं अप्रेंटिसला परवडत नाही. तो कॉट घेतो. चक्रपाणी वसाहत, गव्हाणे वस्ती, बालाजीनगर, कुठंही जा, छोट्याशा खोलीत चार-पाच कॉट, भिंतीला खिळे आणि खिळ्यांना पिशव्या. पाणी पहाटेच येतं. त्यामुळं ज्याची दुपारची शिफ्ट असेल त्यानं उठून पिंप भरायचं आणि पुन्हा झोपायचं, असा अलिखित करार. मी यांच्यात राहत नाही. पण आमच्या टूलरूममधल्या अप्रेंटिसांची हजेरी माझ्याकडं असते आणि उशिराची कारणं ऐकून ऐकून कुणाच्या खोलीतला नळ किती वाजता जातो ते मला पाठ झालंय.

कंपनी निवडताना पोरं आधी कॅन्टीनबद्दल विचारतात. काय शिकवणार हा प्रश्न नंतर येतो, कधी येतही नाही. आमचे एचआरवाले यावर हसतात. मला त्यात हसण्यासारखं काही दिसत नाही. २०१९ च्या नियमांनी आयटीआय झालेल्या अप्रेंटिसचं विद्यावेतन महिन्याला किमान ७,००० रुपये ठरवलं. काही कंपन्या त्याहून बरं देतात, काही नेमकं तेवढंच. त्यातून कॉट, बसचा पास आणि दोन वेळचं जेवण भागवायचं, तर एक वेळचं जेवण कंपनीत होतंय का, हा अभ्यासक्रमाइतकाच महत्त्वाचा मुद्दा आहे. कॅन्टीनमध्ये पोळ्या मोजत नाहीत, हे ज्या पोराला पहिल्या दिवशी कळतं त्याचा चेहरा एकदा बघावा.

पावणेसात

पहिली शिफ्ट सातची. गेटवर पंचिंग, सेफ्टी शूज, गॉगल. आज सोमवार. आमच्या भागात आठवडी सुट्टी गुरुवारची. विजेचा भार वाटला जावा म्हणून औद्योगिक वसाहतींच्या सुट्ट्या वेगवेगळ्या वारी ठेवण्याची जुनी पद्धत, तिच्यातला गुरुवार पिंपरी-चिंचवडच्या वाट्याला आला. गावाकडून आलेल्या पोराला सुरुवातीला रविवारी कामावर यायचं अगदी जिवावर येतं. गावातलं लग्न रविवारी, क्रिकेटची मॅच रविवारी, मैत्रीण असेल तर तिची सुट्टी रविवारी. याची मात्र गुरुवारी.

आमच्याकडं पोरांना नावानं कुणी हाक मारत नाही. गावाच्या नावानं मारतात. या बॅचला बार्शी आहे, परांडा आहे, उदगीर आहे, दोन कर्जत आहेत, म्हणून एक 'नगरचा कर्जत' आणि एक 'मुंबईचा कर्जत'. उदगीर ही मुलगी आहे, मशिनिस्ट ट्रेडची. बार्शी टर्नर. मी स्वतः औंधच्या आयटीआयचा टर्नर, त्यामुळं बार्शीवर माझं लक्ष जरा जास्त असतं, हे तो ओळखून आहे आणि त्याचा त्याला त्रासही होतो.

ही पोरं नक्की कोण, विद्यार्थी की कामगार? १९६१ चा अप्रेंटिसेस ॲक्ट सांगतो, अप्रेंटिस हा शिकाऊ उमेदवार आहे, कामगार नाही. ज्या आस्थापनेत ३० किंवा जास्त माणसं आहेत तिनं एकूण मनुष्यबळाच्या अडीच ते पंधरा टक्के अप्रेंटिस घ्यायचेच, असं नियम म्हणतात. ओव्हरटाइम द्यायचा नाही, द्यायचा झाला तर अप्रेंटिसशिप ॲडव्हायजरची मंजुरी हवी. वर्ष संपल्यावर नोकरी द्यायलाच हवी, असं मात्र नाही. कायद्यानं ही एक वर्षाची जागा चांगली रिकामी ठेवली आहे. पोरगं चुकू शकेल, विचारू शकेल, उत्पादनाचा आकडा त्याच्या मानेवर नसेल. पण अशी रिकामी जागा दिसली की तिथं काहीतरी ठेवायचा मोह होतोच. कित्येक कारखान्यांत अप्रेंटिस वर्षभर एकाच टेबलाशी उभा राहून कानशीनं पार्टांची बर काढतो, नाहीतर पेट्या भरतो. वर्ष संपलं की सर्टिफिकेट, आणि त्या टेबलाशी पुढची बॅच. त्याला लेथ चालवता येतो का, हे त्या वर्षात कुणी विचारलेलं नसतं.

सात

मशिनजवळ उभं राहून पाच मिनिटांचं बोलणं, म्हणजे टूलबॉक्स टॉक. दसरा नुकताच झालाय. लेथच्या हेडस्टॉकवर कुंकवाचं स्वस्तिक अजून आहे आणि बेडच्या खाचेतून झेंडूच्या वाळक्या पाकळ्या निघतायत. खंडेनवमीला मशिनची पूजा आम्ही सगळे मनापासून करतो. फक्त दुसऱ्या दिवशी स्लाइडवे पुसून काढा, एवढं माझं म्हणणं. तेल प्यालेली पाकळी कॅरेजखाली गेली की मशिन ती प्रसाद म्हणून घेत नाही.

दुसरा विषय मनगटांचा. गणपतीपासून नवरात्रापर्यंत पोरांच्या हातात लाल-काळे दोरे साचत जातात. फिरत्या चकजवळ दोरा, कडं, लांब बाही, हातमोजा, काहीच चालत नाही. हातमोज्याचं नवख्याला पटत नाही, कारण त्याला वाटतं मोजा म्हणजे संरक्षण. फिरत्या जॉबला, म्हणजे चकमध्ये धरलेल्या तुकड्याला, मोज्याचं टोक लागलं तर मोज्याबरोबर हात आत जातो. परांडा म्हणाला, "सर, आईनं तुळजापूरहून आणलेला दोरा आहे." मी म्हणालो, "आईला फोन लाव, मी बोलतो." फोन लावला नाही. दोरा खिशात गेला.

साडेसात

ड्रॉइंग वाटली. बार्शीला आज एका फिक्स्चरची लोकेटिंग पिन करायची आहे. मटेरियल ईएन-८ पोलाद, व्यास ५० मिलिमीटर, टॉलरन्स शून्य ते उणे ०.०२५. म्हणजे पिन ५०.००० च्या वर नको आणि ४९.९७५ च्या खाली नको.

ड्रॉइंग हातात पडल्यावर पोरं आधी आकडे वाचतात. मी त्यांना आधी कोपरा बघायला सांगतो. खालच्या चौकटीत छाटलेल्या शंकूचं एक छोटं चिन्ह असतं. त्यावरून कळतं, ड्रॉइंग फर्स्ट अँगलमधलं आहे की थर्ड अँगलमधलं. आयटीआयत फर्स्ट अँगल घोटून घेतात, तीच आपली पद्धत. पण अमेरिकी गिऱ्हाइकाचं ड्रॉइंग थर्ड अँगलमध्ये येतं, मग डावीकडचं दृश्य डावीकडंच काढलेलं असतं. हे न बघता केलेला जॉब दिसायला सुंदर, मापाला अचूक आणि आरशात बघितल्यासारखा उलटा होतो. दोन वर्षांपूर्वीच्या एका पोरानं असा एक करून ठेवलाय. तो मी टेबलावर पेपरवेट म्हणून वापरतो आणि प्रत्येक नव्या बॅचला दाखवतो.

आठ ते दहा

या दोन तासांत मी फारसं बोलत नाही. बोलण्याचं काम मामांचं.

मामा आमचे सगळ्यात जुने टर्नर, निवृत्तीला आलेले. हेल्पर म्हणून लागले, लेथ पुसता पुसता लेथ शिकले. आयटीआयचं तोंड पाहिलेलं नाही आणि ते हे पोरांना मुद्दाम सांगतात. पोरं त्यांना मामा म्हणतात, मीही मामाच म्हणतो. त्यांची शिकवण्याची पद्धत अशी: पोरापासून दोन हात अंतरावर स्वतःचं काम करत राहायचं आणि कान त्याच्या मशिनकडं ठेवायचे. टूलची धार गेली, फीड जास्त झाला, जॉब नीट पकडला नाही, सगळं त्यांना आवाजावरून कळतं. कळलं तरी लगेच सांगत नाहीत.

तिकडं व्हीएमसीवर, म्हणजे प्रोग्रॅमवर चालणाऱ्या मिलिंग मशिनवर, उदगीर प्रोग्रॅम टाकतेय. मी जाऊन मागं उभा राहिलो. ती प्रत्येक आकडा टाइप करून बोटानं दशांश चिन्ह तपासते. याचं कारण आहे. आमच्या कंट्रोलवर दहा टाकताना पुढचं टिंब विसरलं तर मशिन ते दहा मिलिमीटर धरत नाही, दहा मायक्रॉन धरतं, मिलिमीटरचा शंभरावा भाग. शाळेत दशांश चिन्ह विसरलं की अर्धा मार्क जातो. इथं टूल कुठं जाईल याचा भरवसा नाही. उदगीरनं पहिल्या आठवड्यात हे ऐकलं आणि वहीच्या पहिल्याच पानावर मोठ्ठं टिंब काढून ठेवलं, दुसरं काही लिहिलं नाही. या मुलीला मी काही शिकवतो असं मला फारसं वाटत नाही. ती येऊन विचारते आणि उत्तर घेऊन जाते. तिची अडचण वेगळी आहे. मुलींसाठी कॉट मिळणाऱ्या जागा कमी आणि महाग, म्हणून ती आळंदीजवळच्या मावशीकडून रोज दोन वाहनं बदलून येते.

परांडा सरफेस ग्राइंडरवर. त्याच्याबद्दल आज सांगण्यासारखं काही नाही, म्हणजे त्याचा दिवस चांगला चाललाय.

बार्शीनं रफ टर्निंग उरकलं. फिनिश कटला त्यानं कूलंट बंद केलं. का, तर तोंडावर उडतं आणि कट नीट दिसत नाही. हे मी लांबून पाहिलं. मामांनीही पाहिलं. कट छान गेला, पृष्ठभाग चकचकीत. मशिन थांबवून त्यानं डिजिटल मायक्रोमीटर लावला: ४९.९८५. दोन्ही मर्यादांच्या जवळपास मधोमध. त्यानं इन्स्पेक्शन रिपोर्टच्या रकान्यात आकडा लिहिला, पुढं 'ओके' लिहिलं, पिन सरफेस प्लेटवर ठेवली आणि बोटं झटकली. चटका बसला होता.

दहा

चहा. दहा मिनिटांचा, होतो पंधराचा. चहाच्या टेबलावरचे विषय सध्या दोन. एक, रेल्वेची परीक्षा. असिस्टंट लोको पायलटच्या जागांना ठरावीक ट्रेडचा आयटीआय चालतो, त्यामुळं फॉर्म सगळ्यांनीच भरलाय. दुसरा, मुख्यमंत्री युवा कार्य प्रशिक्षण योजना. २०२४ मध्ये सरकारनं ती आणली तेव्हा आयटीआय आणि पदविकावाल्यांना महिन्याला ८,००० रुपये ठरवले, सहा महिन्यांसाठी. मग ग्रामपंचायतीत बसून ८,००० बरे की इथं उभं राहून थोडे जास्त बरे, यावर रोज वाद. नगरचा कर्जत म्हणतो, घरचं जेवण धरलं तर ग्रामपंचायत. उदगीर म्हणते, सहा महिन्यांनी काय? मग सगळे गप्प बसतात, कारण इथंही वर्षानंतर काय, याचं उत्तर कुणाकडं नाही.

सव्वादहा

"मोज आता," मामा म्हणाले.

"मोजलीय मामा मघाशी. ओके आहे, लिहिलंय पण."

"मघाशी गरम होती. आता मोज."

बार्शीनं मायक्रोमीटर लावला. ४९.९६८. त्यानं मायक्रोमीटरची मोजणारी टोकं पुसली, शून्य तपासला, पुन्हा लावला. तेच. पिन फिरवून लावला. तेच. मग शेजारच्या बाकावरून दुसरा मायक्रोमीटर मागून आणला. दुसराही तेच म्हणाला. सात मायक्रॉन कमी. मामा त्यांच्या लेथकडं निघून गेले होते.

या पद्धतीवरून माझे आणि मामांचे खटके उडालेत. मी म्हणतो, कूलंट बंद दिसल्यावर तिथंच सांगा. ते म्हणतात, सांगितलेलं पोरगं दुपारपर्यंत विसरतं, गेलेला जॉब विसरत नाही, आणि ईएन-८ च्या एका तुकड्याची किंमत ती काय? त्यांचं म्हणणं खोटं नाही. तरी मला ते पूर्ण पटत नाही. आपल्याला मुद्दाम पडू दिलं असं ज्या पोराला एकदा वाटतं, ते पुढं विचारायला येत नाही. मामांकडं न विचारताच सगळं शिकलेल्या माणसाचा कडकपणा आहे. त्यांना कुणी विचारू दिलंच नव्हतं.

बार्शीनं पिन उचलली आणि ड्रॉइंगच्या कागदाखाली ठेवली. रिपोर्टमधला आकडा तसाच राहिला. तो दुसऱ्या जॉबला लागला.

मी मध्ये पडलो नाही. मला ही वेळ माहीत आहे. आयटीआयत प्रॅक्टिकलला ६० टक्क्यांना पास. जॉबच्या एका मापात चुकलात तर त्या मापाचे मार्क जातात, बाकीची मापं तारून नेतात. थिअरीला तर त्याहून कमी लागतात, आणि शाळेतले पस्तीस आपल्या सगळ्यांच्याच अंगात भिनलेले. बालवाडीपासून या पोरांनी शिकलेलं गणित असं की चुकलेलं काहीतरी बरोबर आलेल्यात बुडवून टाकता येतं. पिनेला असं बुडवायला जागा नाही. तिची लांबी बरोबर, चॅम्फर बरोबर, पृष्ठभाग उत्तम, आणि व्यास सात मायक्रॉन कमी, तर ती शंभरातून नव्वद मार्कांची पिन होत नाही. आणि ज्याला ती पुढं बसवायची आहे, त्याला या कागदाखाली काय आहे हे कळायचा दुसरा कुठलाही मार्ग नाही. त्याच्याकडं फक्त रिपोर्ट जाणार, ज्यावर ४९.९८५ लिहिलंय.

साडेअकरा

जेवण. पोळ्या, मटकीची उसळ, वरणभात, ताक. बार्शीनं आज चारच पोळ्या खाल्ल्या, यावरून टेबलावर चौकशी झाली.

सव्वाबारा

बार्शी माझ्या केबिनशी आला. हातात पिन, चिंधीत गुंडाळलेली.

"सर, ही गेली."

किती गेली, कशी गेली, मी काहीच विचारलं नाही. फक्त "रिपोर्टमध्ये काय लिहिलंयस?" एवढं विचारलं. त्यानं रिपोर्टही आणला होता. आकडा खोडायला त्यानं व्हाइटनर लावलेला. व्हाइटनर आमच्याकडं चालत नाही. एक रेघ मारायची, आधीचा आकडा वाचता आला पाहिजे, शेजारी नवा लिहायचा, सही आणि तारीख. मी कोरा रिपोर्ट दिला आणि आधीचा त्याला टाचायला लावला.

मग तो म्हणाला, "पण सर, सात मायक्रॉननं काय होतंय? वेल्डिंगचंच फिक्स्चर आहे."

हा प्रश्न मला आवडला. खरं सांगायचं तर वेल्डिंगच्या फिक्स्चरला सात मायक्रॉननं बहुतेक काही होत नाही. डिझाइनवाल्यांना घट्ट टॉलरन्स लिहायची सवय असते, लिहायला त्यांचं काही जात नाही. पण 'काही होत नाही' हे ठरवायचं कुणी? त्यासाठी डेव्हिएशन नावाचा एक साधा फॉर्म आहे. माप काय हवं होतं, काय आलं, कारण काय, आणि चालेल की नाही ते ड्रॉइंगवर ज्याची सही आहे त्यानं सांगायचं. बार्शीला मी तो फॉर्म भरायला लावला. 'कारण' या रकान्याशी तो बराच वेळ अडला. आधी 'मशिन हीट' लिहिलं. मशिन तापलं नव्हतं. मग 'मेजरिंग एरर' लिहिलं. मायक्रोमीटरनं तर खरं तेच सांगितलं होतं. शेवटी लिहिलं: 'कूलंट बंद ठेवून फिनिश कट घेतला व जॉब गरम असताना माप घेतले.'

फॉर्म घेऊन मी त्यालाच डिझाइनमध्ये पाठवला. तिथं एक तरुण मुलगी बसते, त्याच्याहून चार-पाच वर्षांनी मोठी. तिनं दोन मिनिटं स्क्रीनवर असेंब्ली फिरवून पाहिली, 'या जागी चालेल, फक्त या एका नगासाठी' असं लिहून सही केली. बार्शी परत आला तेव्हा त्याचे खांदे खाली आले होते. मामांनी फॉर्म वाचला, घडी करून त्याच्या खिशात घातला आणि म्हणाले, "आता दुसरी कर. कूलंट चालू ठेवून."

"पण ती पास झाली ना?"

"ती झाली. तू कुठं झालास?"

दोन

रोज एक तास वर्ग. कायद्यानं अप्रेंटिसला कामाशी संबंधित थिअरी शिकवायची असते. बऱ्याच ठिकाणी हा तास कागदावरच असतो. आमच्याकडं तो होतो, याचं श्रेय माझं नाही. आमच्या आधीच्या मॅनेजरनं फळा भिंतीत पक्का बसवून घेतला होता, त्यामुळं ती खोली स्टोअरला देता आली नाही.

आज मी फळ्यावर पिनेचा हिशेब मांडला. एक मीटर लांबीचं पोलाद एका अंशानं तापलं की साधारण साडेअकरा मायक्रॉननं वाढतं. पिन ५० मिलिमीटरची, म्हणजे मीटरचा विसावा भाग. ऑक्टोबरच्या उकाड्यात शॉपमध्ये ३३ अंश धरा, कट घेतल्यावर जॉब ६३ च्या आसपास, फरक ३० अंशांचा. विसावा भाग गुणिले साडेअकरा गुणिले तीस. उदगीरनं वहीत न लिहिता सांगितलं, "सव्वासतरा." ४९.९८५ मधून सव्वासतरा मायक्रॉन वजा केले की बार्शीचा सकाळचा आकडा समोर उभा.

मग मी विचारलं, हे सूत्र कुणाला माहीत होतं? सगळ्यांना. रुळांच्या दोन तुकड्यांमध्ये फट का ठेवतात, हे शाळेच्या परीक्षेत प्रत्येकानं लिहिलंय आणि मार्क मिळवलेत. आयटीआयच्या वर्कशॉप कॅल्क्युलेशनमध्येही ते पुन्हा येऊन गेलं. पण रूळ म्हणजे पुस्तकातला रूळ, आणि हातातली पिन म्हणजे जॉब. दोन्ही पोलादच आहेत, हे कुणी त्यांना सांगितलं नव्हतं आणि त्यांनाही विचारून घ्यावंसं वाटलं नव्हतं. शिक्षकांना दोष देऊन मी मोकळा होणार नाही. ज्या आयटीआयत एका लेथवर पाच-सहा पोरं पाळीपाळीनं उभी राहतात, तिथं जॉब तापण्याइतका वेळ कट घ्यायला मिळतोच कुणाला?

परांड्यानं हात वर केला. "सर, मग मायक्रोमीटर पण तापला तर?" वर्ग हसला, पण प्रश्न नेमका होता. मायक्रोमीटर हातात धरून बसलात तर तोही वाढतो, म्हणून त्याच्या फ्रेमला प्लॅस्टिकच्या पट्ट्या असतात. आणि जगभर सगळ्यांनी माप एकाच तापमानाला धरावं म्हणून १९३१ पासून २० अंश सेल्सियस हे प्रमाण ठरलेलं आहे. आमच्या मेट्रॉलॉजी रूमचा एसी त्यासाठी असतो. पोरांची आजवरची समजूत, तो एसी क्वालिटीच्या साहेबांसाठी आहे.

साडेतीन

शिफ्ट सुटली. बार्शीची दुसरी पिन झाली होती, ४९.९८८, गार. मामांनी नुसतं बघितलं आणि लेथ पुसायचं फडकं त्याच्या हातात दिलं. पोरं गेटवर पांगली. कामगारांतले काही ओव्हरटाइमला थांबले. यांना थांबता येत नाही. नगरचा कर्जत म्हणतो, हा नियम काढला पाहिजे, आम्हाला पैसे लागतात. त्याला काय सांगावं ते मला नीट सुचत नाही.

पाच ते सात

दोघं-तिघं लांडेवाडीकडं कॅडच्या क्लासला. मुंबईच्या कर्जतला डिप्लोमा करायचाय. आयटीआयवाल्याला पॉलिटेक्निकच्या थेट दुसऱ्या वर्षाला प्रवेश मिळू शकतो, फक्त गणित आठवलं पाहिजे, म्हणून तो दहावी-अकरावीची पुस्तकं घेऊन बसतो. बाकीचे झोपतात. सकाळी पाचला उठून दिवसभर उभं राहिलेल्या माणसाला संध्याकाळी अभ्यास कर म्हणणं सोपं असतं.

साडेसात

इंद्रायणीनगरच्या आमच्या कोपऱ्यावर एक झेरॉक्सचं दुकान आहे. दूध आणायला गेलो की तिथं एखादा तरी अप्रेंटिस भेटतोच. कुणाचा फोटो ५० केबीच्या आत बसत नाही, कुणाची सही उलटी अपलोड झालीय. दुकानदार हा या पोरांचा खरा करिअर मार्गदर्शक. कुठल्या भरतीला कुठला दाखला लागतो, नॉन-क्रिमिलेअरची मुदत कधी संपते, सगळं त्याला तोंडपाठ.

आज बार्शी उभा होता, हॉलतिकिटाची प्रिंट काढत. मला बघून कागद मागं घेतला. रेल्वेची परीक्षा, परवा बुधवारी, केंद्र नागपूर. कंपनीत पिन करणारा पोरगा रेल्वेचं स्वप्न बघतो म्हणून मला राग येईल असं त्याला वाटत असावं. मला राग येत नाही. आमच्या बॅचमधल्या किती जणांना कंपनी ठेवून घेईल हे मलाही ठाऊक नाही. ज्यांना ठेवणार नाही ते ट्रेनी म्हणून नाहीतर ठेकेदाराच्या यादीवर जातील, दर काही महिन्यांनी नवं ओळखपत्र, नवा गेटपास. कायम नोकरीची हाव म्हणून या पोरांची टिंगल करणारे लोक बहुतेक स्वतः कायम असतात.

"रजेचं काय?" मी विचारलं.

त्यानं खिशातून फॉर्म काढला. भरून तयार होता, उद्या सकाळी द्यायचा म्हणून. एक दिवस, बुधवार. गुरुवारी सुट्टीच. कारणाच्या रकान्यात 'घरगुती काम' लिहिलं होतं. मी दुकानदाराकडून पेन घेतलं आणि त्याच्या हातात दिलं. त्यानं एक रेघ मारली, शेजारी 'परीक्षा' लिहिलं, सही केली, तारीख घातली. मी खाली माझी सही केली. उद्या शिफ्ट सुटल्यावर थेट स्टेशन गाठणार असशील तर सेफ्टी शूज लॉकरमध्ये ठेव, रात्रभर पायात घालून बसू नकोस, एवढं त्याला सांगितलं आणि दुधाच्या पिशव्या घेऊन घरी आलो.